मदत हवी आहे: मातीवर खेळणाऱ्या पोरींना मॅटची सवय कशी लावू? (खो-खो, अहमदाबाद २०३०)

काळीमाती_कळंब

नमस्कार मंडळी. मी धाराशिव जिल्ह्यात, कळंब तालुक्यातल्या एका खेड्यात जिल्हा परिषद शाळेवर शिक्षक आहे. विषय गणित. पण सकाळी साडेसहा ते आठ आणि शाळा सुटल्यावर दिवस मावळेपर्यंत पोरींचा खो-खो घेतो. सध्या १४ जणी नियमित येतात, सगळ्या सातवी ते नववीतल्या.

२६ नोव्हेंबर २०२५ ला, २०३० ची राष्ट्रकुल स्पर्धा अहमदाबादला मिळाल्याचं ग्लासगोत जाहीर झालं. दुसऱ्या दिवशी परिपाठ झाल्यावर आठवीतली एक पोरगी फळ्यापाशी येऊन उभी राहिली. "सर, अहमदाबादला खो-खो असणार का? तवा मी अठराची असते." बोटांवर मोजूनच आली होती. मी म्हटलं, बघून सांगतो. तीन आठवडे झाले, अजून तिला काही सांगितलेलं नाही.

आमच्या भागात हा प्रश्न हवेतला नाही. सारिका काळे धाराशिवचीच. २०१६ च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत गुवाहाटीला तिच्या कप्तानीत भारतानं सुवर्ण जिंकलं, २०२० ला अर्जुन पुरस्कार मिळाला. या वर्षी, २०२५ च्या जानेवारीत, दिल्लीला पहिला खो-खो विश्वचषक झाला, तेव्हा महिला संघाची कप्तान प्रियंका इंगळे, मूळची बीड जिल्ह्यातली. अंतिम सामन्यात नेपाळला ७८-४० हरवलं. तो सामना आम्ही वर्गात एका मोबाइलवर बघितला. पोरी एकमेकींच्या खांद्यावर हनुवट्या टेकून उभ्या होत्या. त्या रात्री त्यांच्या लक्षात आलं आणि माझ्याही, की वरच्या स्पर्धांत आता सगळं मातीऐवजी अंथरलेल्या मॅटवर आहे.

आमचं मैदान काळ्या मातीचं. उन्हाळ्यात भेगा पडतात. पाणी मारून, रोलर फिरवून बसवावं म्हटलं तर एप्रिल-मे महिन्यात पिण्याच्या पाण्याचे वांधे, मैदानावर कोण मारू देणार? यंदा सप्टेंबरच्या अतिवृष्टीत उलटं झालं. मांजरा नदीचं पाणी शाळेच्या कुंपणापर्यंत आलं आणि मैदानावर वीतभर गाळ बसला. दिवाळीच्या सुट्टीत पोरींनी आणि त्यांच्या घरच्यांनी पाट्या भरून तो काढला, मध्यपाटी पुन्हा आखली, खांब उकरून परत उभे केले.

आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला आम्ही मॅटवरच्या एका स्पर्धेला गेलो. पहिल्याच डावात माझी खांबावर सूर मारणारी पोरगी खांबाला वळसा घालताना थांबली ती तिथंच बसली. मातीवर वळताना पाऊल चार बोटं घसरतं आणि अंग सावरतं. मॅटनं पाऊल धरून ठेवलं, अंग पुढं गेलं, गुडघा मध्ये अडकला. संध्याकाळपर्यंत सुजून टम्म. डॉक्टरांनी लिगामेंट ताणल्याचं सांगून सहा आठवडे विश्रांती दिली. आता ती मैदानाच्या कडेला बसून घड्याळ लावते. ही चूक मी माझी मानतो. मॅट न दाखवता मी तिला मॅटवर उतरवलं.

तर माझं विचारणं असं: मॅट नसताना मॅटची तयारी करून घेता येते का? बूट कोणते घ्यावेत? जुने, वापरलेले मॅट कुठून मिळतील? आणि त्या आठवीतल्या लेकराला मी काय उत्तर देऊ?

खांबावरून_सूर

सर, पंधरा वर्षं खेळलो, आता पोलीस खात्यात आहे. पहिलं सांगतो, अख्ख्या मैदानाच्या मॅटच्या मागे लागू नका. २७ मीटर बाय १६ मीटरचं मैदान झाकायचं तर खर्चही तेवढा आणि ठेवायला खोलीही तेवढी लागते. तुम्हाला खांबाजवळचा तुकडाच हवा आहे. एक मीटर बाय एक मीटरचे, दाते एकमेकांत अडकणारे तुकडे येतात. सहा बाय पाच मीटर अंथरायला ३० लागतात. त्यात खांब, बसायचे शेवटचे दोन चौरस आणि सूर मारून पडायची जागा बसते. बऱ्याच दुखापती तिथंच होतात. साखळी (बसलेल्या खेळाडूंमधून नागमोडी) पळण्याचा, हुलकावणीचा सराव मातीवर चालू द्या, तो मॅटवरही कामाला येतो.

कबड्डीची मंडळं मॅट बदलतात तेव्हा जुने तुकडे पडून असतात. कडा फाटलेल्या असतात, मधला भाग चांगला असतो. मुंबई, ठाणे, सांगली या बाजूला ओळखी काढा. नुसता फोन करू नका, शाळेच्या लेटरहेडवर पत्र द्या आणि सोबत पोरींचा मैदानावरचा फोटो लावा. आम्हाला असेच मिळाले होते.

अंथरायला सपाट जागा लागते. मातीवर अंथरले तर दाते निसटतात आणि त्या फटीत बोट अडकतं. गावात मंगल कार्यालय असेल तर लग्नाच्या तारखा सोडून मागून बघा.

फिजिओ_लातूर

सर, त्या मुलीबद्दल आधी. सहा आठवडे झाले आणि दुखायचं थांबलं म्हणजे मोकळी, असं समजू नका. सूज काही तासांत आली असेल तर आतल्या मुख्य लिगामेंटला इजा नाही ना, हे अस्थिरोगतज्ज्ञांकडून एकदा नक्की तपासून घ्या. जिना उतरताना किंवा वळताना "गुडघा सुटल्यासारखा वाटतो" असं ती म्हणत असेल तर अजिबात थांबू नका. ती परत खेळेल तेव्हा नुसत्या दुखऱ्या पायावर उडी मारून नीट उतरता आलं पाहिजे, दुसऱ्या पायाइतकंच. तोवर घड्याळच लावू द्या.

बाकीच्या तेरा जणींसाठी: वयात येणाऱ्या मुलींना या लिगामेंटची दुखापत मुलांपेक्षा जास्त होते. त्यावर उपाय आहे आणि त्याला मॅट लागत नाही. आठवड्यातून तीनदा १५ मिनिटं द्या. एका पायावर उभं राहून चेंडू झेलणं. पायरीवरून उडी मारून गुडघे वाकवून, आवाज न करता उतरणं. उतरताना गुडघे एकमेकांकडे वळतात का, हे समोरून बघा, तीच धोक्याची खूण. मांडीच्या मागच्या स्नायूंसाठी गुडघ्यावर बसून, जोडीदारणीनं घोटे धरायचे आणि अंग हळूहळू पुढं सोडायचं. आणि धावता धावता थांबताना एका दणक्यात न थांबता तीन छोट्या पावलांत थांबायची सवय लावा. मॅटवर गुडघा वाचवतं ते हेच.

बूट सपाट रबरी तळाचे, बॅडमिंटनला घालतात तसे. मोठ्या बहिणीचे, सैल बूट नकोत. पाय आत सरकला की बोटं सोलतात.

साबरमतीकर

आम्ही दोन पिढ्या अहमदाबादेत, मूळचे अंबाजोगाईचे. तुमच्या शेवटच्या प्रश्नाबद्दल लिहितो. राष्ट्रकुलच्या संघटनेनं २०३० ला १५ ते १७ खेळ असतील असं सांगितलं आहे. अॅथलेटिक्स, पोहणं, टेबल टेनिस, वेटलिफ्टिंग, बॉक्सिंग, जिम्नॅस्टिक्स, नेटबॉल, लॉन बोल्स हे नक्की आहेत. कुस्ती, हॉकी, नेमबाजी, बॅडमिंटन अशा बऱ्याच खेळांचा विचार चालू आहे. त्याशिवाय यजमानाला जास्तीत जास्त दोन नवे किंवा पारंपरिक खेळ सुचवता येतात. खो-खोला दार आहे ते तेवढंच, आणि त्याच दारात कबड्डीही उभी असणार.

शहराची तयारी दिसते आहे. नारणपुऱ्याचं वीर सावरकर क्रीडा संकुल सप्टेंबरमध्ये सुरू झालं. ऑगस्टमध्ये शहरात राष्ट्रकुल वेटलिफ्टिंग स्पर्धा झाली, मीराबाई चानूनं ४८ किलो गटात सुवर्ण घेतलं. मोटेऱ्याचं १ लाख ३२ हजारांचं स्टेडियम तर सगळ्यांना माहीत आहे. आणि खो-खो इथं परका नाही, खेल महाकुंभ या गुजरातच्या राज्यभरच्या क्रीडास्पर्धेत गावोगावची पोरं खेळतात. स्पर्धा होईल तेव्हा तुमच्या चौदा जणींना बघायला घेऊन या. राहण्याची सोय इथली मराठी मंडळी करतील, माझा शब्द.

जुना_पंच

सर, मुलीला खरं सांगा, पण अर्धं नको. १९८२ च्या दिल्लीतल्या आशियाई स्पर्धेत कबड्डी आणि खो-खो दोन्ही प्रदर्शनीय, म्हणजे पदकाविना नुसते दाखवण्यापुरते, खेळले गेले. पुढं १९९० ला बीजिंगमध्ये कबड्डीला पदकं मिळू लागली, खो-खो मागं राहिला. कबड्डी तोवर शेजारच्या देशांतही मन लावून खेळली जात होती, आपला खो-खो बराच काळ आपल्यापुरता राहिला. ते चित्र आता पालटतं आहे, पण यजमानाची इच्छा आणि खेळाचा पसारा दोन्ही लागतात. प्रदर्शनीय खेळ आणि पदकाचा खेळ यातला फरकही तिला समजावून द्या, नाहीतर बातमी आली की ती नाचेल आणि नंतर हिरमुसेल.

आणखी एक. राज्य सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, दहावी-बारावीला क्रीडागुण मिळतात. स्पर्धांची प्रमाणपत्रं, जन्मदाखल्यावरचं नाव आणि शाळेतलं नाव एकच आहे ना, हे आत्ताच तपासा. नावातल्या एका वेलांटीपायी चांगल्या मुलींचे अर्ज अडकलेले मी पाहिलेत. जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात क्रीडांगण विकास अनुदान योजनेचीही चौकशी करा, शाळेनं प्रस्ताव द्यायचा असतो.

काळीमाती_कळंब

सगळ्यांचे मनापासून आभार. फिजिओताई, काल मुलीच्या आईला घेऊन लातूरला गेलो. मुख्य लिगामेंट शाबूत आहे, बाजूचं ताणलं आहे. आईनं दवाखान्याच्या पायरीवर बसून पदरानं डोळे पुसले आणि पहिलं विचारलं, "सर, आता पळंल ना?" पळेल, पण फेब्रुवारीनंतर.

खांबावरून_सूर, तुमच्या सांगण्यावरून दोन कबड्डी मंडळांना पत्रं लिहिली. एकानं १८ तुकडे देतो म्हटलंय, पुण्यापर्यंत आणून ठेवतील. आमच्या गावचा एक जण भाजीची गाडी घेऊन पुण्याला जातो, येताना रिकामी गाडी येते, त्यात टाकून आणेन. बाकीचे १२ अजून हवेत. कुणाच्या ओळखीत असतील तर इथंच कळवा. मंगल कार्यालयाचे मालक सकाळची वेळ द्यायला तयार आहेत, हॉल झाडून ठेवायचा एवढीच अट.

आठवीतल्या पोरीला आज सांगितलं. खो-खोचं अजून ठरलेलं नाही, दोनच जागा आहेत, कबड्डीही रांगेत आहे, सगळं. तिनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मग मॅट कधी येणार?" मी म्हटलं, संक्रांतीच्या आत.