मदत हवी आहे: सीपॅपच्या चौथ्या भाड्याच्या क्लेमला केएक्स कोड लावू की जीझेड?

नमस्कार मंडळी, अमेरिकन मेडिकेअरचं (तिथला सरकारी आरोग्य विमा) डीएमई, म्हणजे घरी वापरायच्या वैद्यकीय उपकरणांचं, बिलिंग करणारं कुणी आहे का इथे?

सीपॅप मशीन (झोपेत श्वास अडकू नये म्हणून हवेचा दाब देणारं), कोड ई०६०१, भाड्याने. पहिल्या महिन्याला आरआर-केएच-केएक्स (भाडं, पहिला महिना, कव्हरेजच्या अटी पूर्ण), पुढच्या दोनांना आरआर-केआय-केएक्स, तिन्ही पास. चौथ्यापासून केजे, तेही ठीक. अडलंय केएक्सपाशी. मशीनचा डेटा उत्तम आहे, ७० टक्क्यांहून जास्त रात्री ४ तासांच्या वर वापर. पण डॉक्टरांची फेरतपासणी ३१ ते ९१ दिवसांत हवी होती, ती झाली १०४व्या दिवशी! चौथ्या भाड्याची तारीख त्याआधीची.

टीम लीड म्हणतात, पेशंटला फायदा झालाय ना, मग लाव केएक्स. मला ते पटत नाही. त्या तारखेला अट पूर्ण नव्हती, उद्या ऑडिट आलं तर पैसे परत जातील. एबीएनवर (मेडिकेअर कदाचित पैसे देणार नाही, ही पेशंटला आधी द्यायची लेखी सूचना) सही घेतलेली नाही, म्हणजे जीए (एबीएन घेतल्याचा कोड) बाद. उरतं जीझेड (नकार अपेक्षित, पण एबीएन नाही), म्हणजे नकार ठरलेलाच.

तपासणीच्या तारखेपासून कव्हरेज पुढे सुरू होतं, हे पॉलिसीत वाचलंय. पण मधला नाकारलेला महिना मेडिकेअर देतं त्या कमाल १३ भाड्यांत मोजला जातो का? पुढच्या क्लेमला केजे-केएक्स लावताना नोटमध्ये काय लिहिता? काहीच न लावता पाठवा, असं कृपया सुचवू नका. तसा क्लेम अपुरी माहिती म्हणून परत येतो.