मेलेल्यांनाही मत असावं का? चेस्टरटनच्या निमित्ताने

पानगळ

गेल्या शतकाच्या सुरुवातीची गोष्ट. लंडनच्या गरीब वस्त्यांतल्या मुलींच्या डोक्यात उवा होतात, तेव्हा त्यांचे केस बारीक कापून टाका, असं डॉक्टर आणि अधिकारी मंडळींनी ठरवलं. गिल्बर्ट कीथ चेस्टरटन नावाचा एक पत्रकार त्यावर भडकला. १९१० साली आलेल्या 'व्हॉट्स राँग विथ द वर्ल्ड' या पुस्तकाचा शेवट त्याने याच विषयावर केला. श्रीमंताच्या मुलीच्या केसांना हात लावायची तुमची छाती नाही, आणि वस्ती घाण आहे तर वस्ती बदला, पोरीचे केस का कापता, असा त्याचा सवाल. मग तो रस्त्यावरची लालसर केसांची एक पोर समोर उभी करतो. तिचे केस लांब असलेच पाहिजेत. लांब तर स्वच्छ हवेत. त्यासाठी घर स्वच्छ हवं. त्यासाठी आईला फुरसत हवी. आईला फुरसत हवी तर घरमालक लुबाडणारा नको. तो नको तर मालमत्तेची नव्याने वाटणी हवी, आणि त्यासाठी क्रांती लागली तर क्रांती. पण त्या केसांना कात्री लागणार नाही.

ते पान मी दर वर्षा-दोन वर्षांनी काढून वाचते. धाग्याचं कारण असं, की हा माणूस जगात ओळखला जातो तो कॅथलिक धर्माचा वकील म्हणून. इंग्रजीत 'अपॉलॉजिस्ट' म्हणतात. त्याचा माफी मागण्याशी संबंध नाही. आपल्याकडच्या खंडन-मंडनातलं मंडन करणारा तो अपॉलॉजिस्ट.

जन्म १८७४, लंडन. चित्रकला शिकायला गेला, पदवी न घेताच बाहेर पडला. १९०५ पासून १९३६ साली मरेपर्यंत 'इलस्ट्रेटेड लंडन न्यूज'मध्ये दर आठवड्याला लेख. बर्नार्ड शॉ, एच. जी. वेल्स या लेखकांशी जाहीर वाद आणि तरीही घट्ट मैत्री. 'ऑर्थोडॉक्सी' हे त्याचं गाजलेलं मंडन १९०८ चं, म्हणजे कॅथलिक होण्याच्या चौदा वर्षं आधीचं. फादर ब्राऊनच्या गुप्तहेरकथा लिहिल्या त्याही एका खऱ्या पाद्र्यावरून, फादर जॉन ओ'कॉनर. चर्चमध्ये कोंडून घेतलेल्या या लोकांना जगातलं पाप काय ठाऊक, असं लोक म्हणत. आणि हा पाद्री इतक्या लोकांचे कबुलीजबाब ऐकून बसलेला, की त्याला ठाऊक असलेलं पाप ऐकून चेस्टरटनच हादरला होता.

त्याच ओ'कॉनरच्या हातून ३० जुलै १९२२ ला तो कॅथलिक झाला. बीकन्सफिल्ड गावात तेव्हा कॅथलिक चर्च नव्हतं. रेल्वे हॉटेलमागे पत्र्याच्या छपराची एक शेड होती, तिथे मिस्सा, म्हणजे कॅथलिकांची सामुदायिक उपासना, होत असे. तिथेच विधी झाला. बायको फ्रान्सिस अँग्लिकन. मुळात याला श्रद्धेकडे आणलं तिनेच. ती रडत होती आणि हा धिप्पाड माणूस तिच्या खांद्यावर हात टाकून तिला समजावत होता. तीही कॅथलिक झाली, पण चार वर्षांनी, आपल्या वेळेने.

मी स्वतः ख्रिस्ती नाही. पण मला वाटतं की ते केसांचं पान आणि त्याची श्रद्धा या दोन गोष्टी वेगळ्या काढता येत नाहीत. प्रत्येक माणूस देवाच्या प्रतिमेत घडलेला आहे यावर त्याचा शब्दशः विश्वास होता, म्हणून ती पोर त्याला एवढी मोठी दिसली. तुम्हाला काय वाटतं?

सुधारक_वाचक

पानगळताई, लेख मनापासून लिहिला आहे, पण पुस्तकाचं शेवटचं पान दाखवलंत आणि मधली गाळलीत. त्याच पुस्तकात बायकांना मताधिकार देऊ नये म्हणून सविस्तर प्रकरणं आहेत. ज्या आईला पोरीची वेणी घालायला फुरसत हवी, तिला मत मात्र नको.

आता हे 'ऑर्थोडॉक्सी'शेजारी ठेवा. परंपरा म्हणजे मेलेल्यांची लोकशाही, आज योगायोगाने जिवंत असलेल्यांनीच सगळं का ठरवावं, पूर्वजांनाही मत हवं, ही त्याची प्रसिद्ध कल्पना. म्हणजे मेलेल्या आजोबांना मत आणि जिवंत आईला नाही! हा किरकोळ विरोधाभास म्हणून मी सोडणार नाही. परंपरेच्या बाजूने बोलणाऱ्या प्रत्येकाची हीच अडचण होते, कारण मेलेल्यांच्या वतीने बोलायला नेहमी जिवंतांतलाच कुणीतरी बलवान उभा राहतो.

आणि केसांचा विषय मराठी माणसापुढे काढलात म्हणून सांगतो. आपल्याकडे विधवेचे केस कुणी कापले? डॉक्टरांनी नाही, सरकारनेही नाही. परंपरेने कापले. वस्तरा मेलेल्यांच्या नावाने चालत होता. त्याविरुद्ध आगरकर 'सुधारक'मधून लिहीत होते ते मिल आणि स्पेन्सर हे इंग्रज तत्त्वज्ञ वाचून, कुठलं धर्ममंडन वाचून नाही. आणि १८९० मध्ये नारायण मेघाजी लोखंड्यांच्या पुढाकाराने मुंबईत नाभिकांनी संप केला, विधवांचं केशवपन करणार नाही म्हणून. ज्यांच्या हातात वस्तरा होता त्यांनीच तो खाली ठेवला. मला चेस्टरटनच्या पानापेक्षा तो संप मोठा वाटतो.

वसईकर

मी वसईचा कॅथलिक. सुधारकराव, केशवपनाचा मुद्दा बिनतोड आहे, त्यावर वाद नाही. पण चेस्टरटनची परंपरा म्हणजे पोथी, असं धरून तुम्ही चाललात. तो नेमकं उलटं म्हणतो. दंतकथा सगळा गाव मिळून रचतो आणि गाव शहाणा असतो. पुस्तक एकटा माणूस लिहितो आणि तो बहुधा डोकं फिरलेला असतो, अशा अर्थाचं त्याच प्रकरणात आहे. मत देणारे त्याचे मेलेले लोक म्हणजे गोष्टी सांगणारे, गाणी म्हणणारे. ज्यांना लिहिता येत नव्हतं ते.

आमच्याकडे लग्नात अजून उंबराचं पाणी आणतात. वाजतगाजत विहिरीवर जायचं, पाणी भरून आणायचं, त्याने नवऱ्यामुलाला आंघोळ. हे बायबलात नाही, कुठल्या धर्मगुरूनेही शिकवलं नाही. चारशे वर्षांपूर्वी ज्यांचा बाप्तिस्मा झाला त्या बायाबापड्यांनी हे सोबत आणलं आणि सोडलं नाही. माझी आजी त्या वेळी जी गाणी म्हणायची ती कुठेच छापलेली नाहीत. मेलेल्यांचं मत म्हणजे काय ते मला तिथे समजलं.

आमचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो आठवा. 'सुबोध बायबल' मराठीत आणलं, हरित वसईसाठी लढले, २०२० साली उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. त्यांना वादात कुणाला हरवताना मी कधी पाहिलं नाही. पण शाळेत मला 'बाटगा' म्हणणाऱ्यांना जे उत्तर मला कधी सुचलं नाही, ते त्यांच्या मराठीनेच दिलं. मंडन असंही होतं.

सुधारक_वाचक

वसईकर, उंबराच्या पाण्याबद्दल आदर आहे. पण ते बंद करू पाहणारे कोण होते? गोव्याच्या इन्क्विझिशनने, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाने, १७३६ साली फतवा काढून नवख्रिस्त्यांच्या लग्नातल्या ओव्या, हळद, दारातली तुळस, सगळ्यावर बंदी घातली. म्हणजे तुमच्या आजीच्या पूर्वजांचं मत बाद करायला निघालं ते चर्चच. चेस्टरटन ज्याची वकिली करतो ते.

वसईकर

हो, चर्चच. ते मी नाकारत नाही, आणि कुणा कॅथलिकाने नाकारूही नये. पण ओव्या टिकल्या आणि इन्क्विझिशन १८१२ ला संपलं. त्या ओव्या म्हणणाऱ्या बाया दर रविवारी मिस्सेलाही जात होत्या. चर्च म्हणजे फक्त फतवे काढणारे, असं मानलं तर त्या बायांना तुम्ही पुन्हा एकदा मोजणीतून वगळता.

आगबोट

स्पेन्सरचं नाव निघालं म्हणून थोडं अवांतर, पण खरं तर अवांतर नाही.

१९०९ चं लंडन. १ जुलैला मदनलाल धिंग्रांनी कर्झन वायली या इंग्रज अधिकाऱ्याला गोळी घातलेली. सावरकर तिथेच, गांधीही त्या उन्हाळ्यात तिथेच. स्वातंत्र्यवादी श्यामजी कृष्णवर्म्यांचं 'इंडियन सोशिऑलॉजिस्ट' हे नियतकालिक निघत होतं, त्याच्या मथळ्याखाली दर अंकात स्पेन्सरची वचनं. स्पेन्सरच्या नावाने ऑक्सफर्डला व्याख्यानं व्हावीत म्हणून श्यामजींनी एक हजार पौंड दिलेले.

१८ सप्टेंबरच्या 'इलस्ट्रेटेड लंडन न्यूज'मध्ये चेस्टरटनने या नियतकालिकावर लिहिलं. भारतीयांना स्वातंत्र्य मागायचा हक्क आहे, पण हे जे मागतायत त्यात भारतीय असं फारसं काही नाही, असा त्याचा रोख. आमची संसद, आमचे तत्त्वज्ञ, आमचंच सगळं मागणार असाल तर तुम्ही तुमचं काय मागितलंत? एखादा भारतीय म्हणाला असता, की आम्हाला आमचे राजे, आमचे साधू, आमची जुनी राहणी परत द्या, त्यात दोष असले तरी ते आमचे आहेत, तर मला तो मान्य नसता तरी समजला असता.

गांधींनी तो लेख वाचला, भारावले, त्यातला भाग गुजरातीत आणून 'इंडियन ओपिनियन' या आपल्या दक्षिण आफ्रिकेतल्या पत्राच्या वाचकांना विचार करायला सांगितलं. २४ ऑक्टोबरला दसऱ्याच्या जेवणाला गांधी आणि सावरकर एकाच सभेत बोलले. आणि नोव्हेंबरमध्ये 'किल्डोनन कॅसल' बोटीवर दहा दिवसांत गांधींचं 'हिंद स्वराज्य' लिहून झालं, उजवा हात दुखला तेव्हा डाव्या हाताने. एका लेखामुळे ते पुस्तक झालं असं मी म्हणणार नाही. टॉलस्टॉय होते, रस्किन होते. पण इंग्लंडमधल्या एका मंडनकाराने आपल्या देशाच्या राजकारणात एवढी जागा मिळवली, हे आपल्याला शाळेत कुणी सांगत नाही.

साम्राज्य वाढवण्याच्या तो तसाही विरोधात होता. दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धाला अख्खं इंग्लंड टाळ्या वाजवत असताना हा नको म्हणत होता.

सुधारक_वाचक

हा प्रसंग मला अर्धवट ठाऊक होता, नीट सांगितल्याबद्दल आभार. पण 'तुमचे दोषसुद्धा तुमचेच मागा' हे लंडनमध्ये बसून म्हणणं सोपं आहे. त्या जुन्या राहणीत पाणवठा कुणाला बंद होता हे त्याला कुठे माहीत होतं? महाडला १९२७ मध्ये जे तळ्यावर गेले त्यांना स्वतःची जुनी राहणी परत नको होती.

कंदील

एवढे प्रतिसाद झाले आणि ज्यूंबद्दल कुणीच बोललं नाही?

१९२० च्या 'द न्यू जेरुसलेम'मध्ये चेस्टरटनने सुचवलं, की ज्यू माणसाला कोणतंही पद द्या, पण त्याने अरबी वेश घालूनच वावरावं असा कायदा करा, म्हणजे तो परका आहे हे सगळ्यांना दिसेल. पुढे दोन दशकांत युरोपात ज्यूंना कपड्यांवर खूण लावायला भाग पाडलं गेलं. २०१९ मध्ये नॉर्दॅम्प्टनचे बिशप पीटर डॉयल यांनी त्याला संतपद देण्याची प्रक्रिया सुरू करायला नकार दिला. कारणं तीन दिली: स्थानिक पातळीवर त्याची भक्ती नाही, त्याच्या वैयक्तिक साधनेचा ठसा सापडत नाही, आणि ज्यूविरोधाचा प्रश्न. त्याच्याच चर्चचा बिशप.

पानगळ, प्रत्येक माणूस देवाची प्रतिमा म्हणता, तर ही प्रतिमा ओळखायला त्याला का जमलं नाही?

पानगळ

कंदील, याला माझ्याकडे बचाव नाही. पार्श्वभूमी सांगते, पण ती बचाव म्हणून घेऊ नका. मार्कोनी कंपनीच्या शेअर व्यवहारांत मंत्र्यांनी गैरफायदा घेतल्याचा आरोप होता, त्या प्रकरणात त्याचा भाऊ सेसिल मंत्र्यांवर आणि त्यांच्या नातेवाइकांवर तुटून पडला. १९१३ मध्ये बदनामीच्या खटल्यात दोषी ठरला, शंभर पौंड दंड झाला. त्यातले प्रमुख लोक ज्यू होते. सेसिल १९१८ मध्ये फ्रान्सला लष्करी इस्पितळात वारला आणि भावाच्या दुःखाचं चेस्टरटनने कडवटपणात रूपांतर करून घेतलं. हिटलर आल्यावर त्याने ज्यूंच्या छळाविरुद्ध उघड लिहिलं हेही खरं. पण १९२० चं ते पान त्याने लिहिलं, आणि लिहिताना त्याला ती लाल केसांची पोर आठवली नाही. मला त्या पानाचा राग येतो तो त्याच्या दुसऱ्या पानामुळेच.

सुधारकराव, मताधिकाराचं गाळलं ही माझी चूक. मान्य.

धाकटीचा_दादा

मी इथे फक्त वाचतो, आज लिहावंसं वाटलं.

माझी बहीण गतिमंद आहे, आज एकोणचाळीस वर्षांची. मी कॉलेजात असताना आई आजारी पडली म्हणून तिला काही महिने एका वसतिगृहात ठेवलं होतं. पहिल्या रविवारी भेटायला गेलो तर तिचे केस नव्हते. सगळ्याच मुलींचे नव्हते. "सांभाळायला सोपं जातं," असं बाई म्हणाल्या. वाईट बाई नव्हत्या त्या, चाळीस मुलींमागे दोघी होत्या. बहीण काही बोलली नाही, पूर्ण वेळ माझा रुमाल डोक्यावर धरून बसली.

चेस्टरटन मी वाचला तो यानंतर, आणि केसांचं पान नव्हे, १९२२ चं 'युजेनिक्स अँड अदर ईव्हिल्स'. युजेनिक्स म्हणजे माणसांची 'चांगली' पैदास वाढवायची आणि 'वाईट' थांबवायची, हा विचार. तेव्हा दुबळ्या, मंदबुद्धी माणसांची पैदास थांबवावी असं म्हणणारे लोक गावगुंड नव्हते. शास्त्रज्ञ, पुढारलेले, समाजवादी होते. शॉ होता, वेल्स होता. १९१२ ला लंडनमध्ये आंतरराष्ट्रीय परिषद भरली. १९१३ ला 'मेंटल डेफिशिअन्सी' कायदा झाला, माणसांना 'मंदबुद्धी' ठरवून कोंडून ठेवायची सोय झाली. विरोधात बोलणारे मोजके. चेस्टरटनचा प्रश्न साधा होता: कोण मंद हे ठरवणार कोण? आणि ठरवणाऱ्याला कोण तपासणार?

हे इंग्लंडात संपलं नाही. १९९४ मध्ये शिरूरच्या सरकारी संस्थेतल्या मतिमंद मुलींची गर्भाशयं पुण्यात शस्त्रक्रिया करून काढली. कारण दिलं होतं पाळीच्या वेळची स्वच्छता. ती बातमी वाचून आईने बहिणीला जवळ घेतलं होतं ते मला आठवतं. सुधारकराव, तो वस्तरा परंपरेचा नव्हता.

सुधारक_वाचक

नव्हता. तुम्ही म्हणता ते बरोबर आहे, आणि माझ्या बाजूच्या लोकांनी हे कमी वेळा कबूल केलंय. युजेनिक्सवर त्याला दिसलं ते आमच्या लाडक्या लेखकांना दिसलं नाही.

तरी माझं म्हणणं सोडत नाही. शिरूरविरुद्ध पुण्यात ज्या उभ्या राहिल्या त्या स्त्रीसंघटनांतल्या बायका होत्या, ज्यांना मत होतं, आवाज होता. चेस्टरटनच्या जगात त्या घरी असत्या. ते युजेनिक्सचं पुस्तक मी आता वाचतो. पानगळताई, तुम्ही आगरकरांचे केशवपनावरचे लेख पुन्हा काढा आणि इथे लिहा.

पानगळ

काढते. दादा, बहीण आता कशी आहे?

धाकटीचा_दादा

बरी आहे. आई गेल्यापासून वेणी मीच घालतो. दोन घालाव्या लागतात, एक चालत नाही तिला.