लेसिंगचं ‘नाथान’: मूकपट वाचनाआधी बघावा की नंतर?

विश्रामबागकर: आम्ही सहा-सात हौशी मंडळी रविवारी एकाच्या घरी नाटकं वाचतो. सध्या जर्मन नाटककार लेसिंगचं 1779 चं ‘ज्ञानी नाथान’ हाती आहे, दोन अंक झालेत. त्यावरचा मानफ्रेड नोआचा 1922 चा मूकपट आधी दाखवावा म्हणतोय, पण सगळं नाटक बोलण्यावर उभं. मुका सिनेमा त्यात काय करणार?

हरिपूरचा पेटीवाला: आधी मुळीच दाखवू नका! नाथान ज्यू; त्याची बायको आणि सात मुलगे ख्रिस्ती लोकांनी जाळून मारले, हे नाटकात थेट चौथ्या अंकात कळतं. तोवर तो आपल्याला शांत, पैसेवाला व्यापारीच वाटतो. ‘तीन धर्मांपैकी खरा कोणता’ या सुलतानाच्या प्रश्नावर त्याची तीन अंगठ्यांची गोष्ट सांगून झालेली असते. मग तो एका साध्या भिक्षूजवळ बोलतो: तीन दिवस, तीन रात्री राखेत पडून रडलो, आणि तेवढ्यात एक ख्रिस्ती तान्हं मूल माझ्या हातात आलं. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मागे जाऊन अंगठ्यांचा प्रवेश पुन्हा वाचला. प्रत्येक ओळ वेगळी लागली.

सिनेमा हा संहार सुरुवातीलाच दाखवतो. त्याला शब्द नाहीत, त्यामुळे नाथान झालेल्या वेर्नर क्राउसच्या चेहऱ्यामागे काय आहे ते आपल्याला आधी ठाऊक असावं लागतं. सिनेमा म्हणून ते बरोबरच आहे. पण तुमच्या मंडळींचा चौथा अंक त्याने हातचा जाईल.

जुनी रिळं: पेटीवाल्यांशी सहमत. आपल्या सांगलीच्या खाडिलकरांचं ‘कीचकवध’ (1907) आठवा. कीचकात लोकांना व्हाइसरॉय कर्झन दिसला तो संवादांतून. बाबूराव पेंटरांनी 1920 मध्ये त्याच कथेवर ‘सैरंध्री’ काढला, तेव्हा बोलबाला झाला तो प्रत्यक्ष वधाच्या दृश्याचा.

‘नाथान’ या मूकपटाला म्युनिकमध्ये नाझींनी धमक्या देऊन विरोध केला होता. पुढे तो हरवलाच असं धरलं गेलं आणि 1996 मध्ये मॉस्कोच्या संग्रहात प्रत सापडली. म्हणून दाखवा जरूर.

विश्रामबागकर: ठरलं, चौथा अंक संपला की त्याच्या पुढच्या रविवारी. सिनेमातल्या मजकुराच्या पाट्या मराठीत करून मीच मोठ्याने वाचेन. पेटीवाले, तुम्ही याल का?

हरिपूरचा पेटीवाला: येतो. पण चौथ्या अंकाच्या वाचनालाही बोलवा, नाथान मला वाचायचाय.