लीफलेटचे प्लगिन म्हणजे उकिरडा? मग तुमचे नकाशे चालतात कशावर?

डोंगरवाट: लीफलेट म्हणजे वेबपानावर नकाशे दाखवणारी फुकट कोड-लायब्ररी, आणि प्लगिन म्हणजे तिला बाहेरून जोडायचे कोडचे तुकडे. काल कुणीतरी लिहिलं, "लीफलेटचे प्लगिन म्हणजे उकिरडा. हौसेनं लिहितात, कंटाळले की सोडून देतात. धंद्याच्या कामात हात लावू नका." डोकं फिरलं, म्हणून सविस्तर लिहितोय. लीफलेटचा गाभा जेमतेम ४२ केबी. २०११ पासून तो मुद्दाम आटोपशीर ठेवलाय. क्लस्टरिंग (जवळजवळच्या खुणा एका गोलात गोळा करणं), हीटमॅप (दाटीनुसार रंग भरणं), वापरणाऱ्याला नकाशावर हातानं रेषा काढू देणं, सगळं बाहेर, प्लगिनांत. जिल्ह्यातल्या हजारो विहिरी एकदम टाकल्या की साधा फोन लटकतो. मार्करक्लस्टर हा प्लगिन लावला की लांबून गोलात आकडा दिसतो, जवळ गेलं की विहिरी सुट्या होतात. हे फुकट वापरायचं आणि वर नावं ठेवायची?

बग_पाटील: मीच म्हणालो, आणि अजूनही म्हणतो. रेषा काढायच्या लीफलेट ड्रॉ प्लगिनची शेवटची आवृत्ती २०१८ची. आता लीफलेट २.०ची अल्फा, म्हणजे चाचणीची कच्ची आवृत्ती आलीय, त्यात जुने प्लगिन ज्या नावानं लीफलेटला हाक मारतात तो ग्लोबल 'एल' काढून टाकलाय. जुने प्लगिन जसेच्या तसे चालणार नाहीत. रात्री अकराला क्लायंटचा फोन मला येतो, त्या हौशी माणसाला नाही.

डोंगरवाट: क्लायंटचे पैसेही तुम्हालाच येतात ना पाटील? त्यातला एक रुपया तरी त्या माणसाकडे गेला का?

टाइलवाली: कंपनीच्या भरवशावर राहूनही काय होतं ते पाहिलंय. डिसेंबर २०२० मध्ये मॅपबॉक्स कंपनीनं जीएल जेएस या आपल्या नकाशा-लायब्ररीची दुसरी आवृत्ती बंद परवान्याखाली नेली, तेव्हा जुन्या खुल्या कोडवरून मॅपलिब्र लोकांनीच उभं केलं. पण मराठीचं काय? असल्या लायब्ऱ्या ब्राउझरमध्येच रंगवतात त्या व्हेक्टर नकाशात अक्षरचिन्हं एकेक सुटी रंगवली जातात. आमच्याकडे 'शिर्डी'मधली पहिली वेलांटी 'श'च्या आधी यायच्या ऐवजी नंतर पडते, रफार होतच नाही, 'र' पाय मोडून उभा. अरबी-हिब्रूसाठी वेगळा प्लगिन आहे. आपण काय करायचं?

खानदेशी: रास्टर टाइल, म्हणजे नकाशाचे तयार चित्र-तुकडे घ्या. ते बनवणारा मॅपनिक जोडाक्षरं नीट काढतो.

टाइलवाली: नीट काढतो, पण नावं चित्रातच छापलेली. भाषा बदलायची तर टाइलचा दुसरा संच बनवा.

खानदेशी: मग इंग्रजी नावं ठेवा. सगळ्यांना वाचता येतं.

टाइलवाली: सगळ्यांना म्हणजे कुणाला हो? सासरच्या गावी पाणंद रस्त्यांचा नकाशा घेऊन गेले होते. सरपंचबाईंनी आधी गावाचं नाव वाचलं आणि तिथंच अडकल्या, "हे असं कुणी लिहिलंय?" मग सगळी ग्रामपंचायत नावावरच बोलत बसली. रस्ते राहिले बाजूला. त्यांना इंग्रजी नकाशा देऊ?

खानदेशी: चिडू नका ताई, मी सोय सांगत होतो.

टाइलवाली: सोय तुमची. वाचणार त्या.

बग_पाटील: ताईंचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. आपली लिपी नीट दिसणं हा गाभ्याचा भाग हवा, कुणाच्या हौसेवर नको.

डोंगरवाट: लिपीपुरतं मान्य. पण बाहेर कुणी करून दाखवल्याशिवाय गाभ्यात घेतो कोण? आणि करून दाखवणारा हौशीच असतो, पाटील.

बग_पाटील: असेल. क्लस्टरिंग मी स्वतः लिहिणार नाही, तेवढा वेळ कुणाकडे आहे? प्लगिन घेईन, पण आवृत्ती पक्की बांधून आणि कोडची प्रत आमच्या रेपोत (कोडच्या साठ्यात) ठेवून. पैशांचं साहेबांशी बोलतो. ड्रॉ मात्र परत लावणार नाही.