एकटेपणा, एकाकीपणा आणि ‘करमत नाही’

ब्रिटनने २०१८ साली ‘लोनलीनेस’चं खातं सांभाळायला मंत्री नेमला, २०२१ मध्ये जपाननेही. त्यावर लेख लिहितोय आणि मथळ्यातच अडलोय. एकटेपणा लिहू की एकाकीपणा?

— एकाकीपणा. ‘आज एकटाच आलास?’ यात दुःख नाही, नुसती मोजदाद आहे. ‘आज एकाकीच आलास?’ असं कोणी विचारेल का? गच्च भरलेल्या लोकलमध्ये चौथ्या सीटवर कसाबसा टेकलेला माणूस एकटा नसतो, एकाकी असू शकतो. एकलकोंडा वापरू नका, त्यात माणसाच्या स्वभावाला नावं ठेवल्यासारखं होतं. एकांत तर आपण मागून घेतो.

— पटलं, पण ‘एकाकी’ छापील शब्द आहे. बोलताना कोण म्हणतं? माझी आत्या वरळीच्या बीडीडी चाळीतली. १६० चौरस फुटांची खोली, मधून लांब पॅसेज, दारं दिवसभर उघडी. आता टॉवरमध्ये ५०० चौरस फूट, संडास घरात. सगळं आवडलंय, तरी फोनवर पहिलं वाक्य ठरलेलं: ‘अरे, करमत नाही.’ आतलं दार उघडं टाकून सेफ्टी डोअरसमोर बसते. बाहेर कोणी आलं की पॅसेजमधला दिवा आपोआप लागतो. दिवा लागला की मान वर. बहुतेक वेळा कुरिअरवाला असतो, तोही समोरच्यांकडे आलेला.

या क्रियापदाची गंमत बघा. ‘करमणे’चं नातं ‘क्रमणे’शी, म्हणजे वेळ सरण्याशी. करमणूकही त्यातलीच. भूक लागते, थंडी वाजते, तसं हे ‘मला’ होतं. आणि ‘करमत नाही’ म्हटलं की पुढचा प्रश्न आपसूक येतो, ‘मग येतेस का चार दिवस इकडे?’ ‘मी एकाकी आहे’ म्हणणाऱ्याला काय उत्तर देणार? आपण गप्पच बसतो.

— आमच्याकडे ‘घर खायला उठतं’ म्हणतात.

— ‘घरोबा’ आणि ‘येणं-जाणं’ हेही याच चर्चेत हवेत. ‘त्यांचं आमचं येणं-जाणं नाही’ एवढ्यात तुटलेपण सगळं येतं, वेगळा शब्द कशाला घडवायचा? आमच्या मजल्यावर चार फ्लॅट आहेत. व्हॉट्सॲपवर रोज सुप्रभात, पण विरजण मागायला कोणाची बेल वाजवावी हे अजून ठरत नाही.

— आभार. मथळ्यात ‘एकाकीपणा’च ठेवतो. ‘करमत नाही खात्याचे मंत्री’ संपादक छापणार नाहीत.

— आत्याला चालेल. पत्ता देऊ का मंत्र्यांना?