मदत हवी आहे: फौजा गेल्यावर नजीबुल्ला तीन वर्षं टिकला, घनी का नाही टिकले?

जमाखर्च:

नमस्कार मंडळी. आमच्या वाचनालयाच्या अभ्यासमंडळात पुढच्या महिन्यात मला पाऊण तास बोलायचंय. 'परकी फौजा गेल्यानंतरचा अफगाणिस्तान' हा विषय मीच हौसेनं मागून घेतला आणि आता निस्तरत बसलेय. मी इतिहासाची नाही, ३१ वर्षं बँकेत काढली. त्यामुळे कुठलीही राजवट दिसली की पहिला प्रश्न मनात येतो, यांचे पगार कुठून होतात? त्या प्रश्नानंच घोळ केलाय.

१५ फेब्रुवारी १९८९ ला सोव्हिएत सेनापती जनरल ग्रोमोव उत्तर सीमेवरच्या अमू दर्या नदीचा पूल चालत ओलांडून गेले आणि सोव्हिएत फौज परतली. काबूल आता काही आठवड्यांचं सोबती, असंच तेव्हा बहुतेकांना वाटत होतं. मार्चमध्ये मुजाहिदीन, म्हणजे सरकारविरोधी बंडखोर, जलालाबादवर चालून गेले आणि चक्क मार खाऊन परतले. सोव्हिएत पाठबळावरचा अध्यक्ष नजीबुल्ला एप्रिल १९९२ पर्यंत काबूलमध्ये पाय रोवून होता. मॉस्कोहून धान्य, इंधन, स्कड क्षेपणास्त्रं, सगळं येत होतं. १ जानेवारी १९९२ पासून ती रसद बंद झाली आणि चार महिन्यांच्या आत खेळ खलास. उत्तरेतला त्याचाच सेनानी दोस्तम फिरला. दोस्तमच्याच माणसांनी नजीबुल्लाला विमानतळावरून माघारी पाठवलं. तो भारतात यायला निघाला होता.

इथवर माझं सूत्र छान बसलं: फौज गेल्यानं राजवट पडत नाही, पैसा थांबल्यानं पडते. फळ्यावर लिहायला सुटसुटीत.

पण २०२१ त्यात बसत नाही. अमेरिकेच्या पाठबळावरचे अध्यक्ष घनी, त्यांचा पैसा थांबला नव्हता. सरकारी खर्चातल्या दर चार रुपयांतले तीन बाहेरून येत होते, कागदावर ३ लाखांची फौज होती. तरी काबूल १५ ऑगस्टला पडलं, शेवटचं अमेरिकन विमान उडालं ३० ऑगस्टला. पाहुण्यांनी निरोप घ्यायच्या आधीच घर गेलं!

पुढे तर उलटंच. तालिबान आल्यावर मदत आटली, मध्यवर्ती बँकेची सुमारे ९ अब्ज डॉलरची गंगाजळी परदेशात गोठली, त्यातले ७ अब्ज न्यूयॉर्कला. लोकांना बँकेतून आठवड्याला २०० डॉलर किंवा २० हजार अफगाणी (तिथलं चलन) एवढेच काढता येत. अर्थव्यवस्था एका वर्षात पाचव्या हिश्शानं आकसली. माझ्या सूत्राप्रमाणे ही राजवट वर्षभरात कोसळायला हवी होती. पण ती उभी आहे. डिसेंबर २०२१ मध्ये डॉलरला शंभराच्या पुढे घसरलेला अफगाणी २०२३ च्या अखेरीस सत्तरच्या आसपास होता. हे कसं काय? कुणी जाणकार असेल तर कृपया सांगा. (पानिपतावर कृपया नको. पहिल्या रांगेतले आमचे दोन काका अब्दाली काढणारच आहेत, तेवढा पुरे.)

उंबरठा:

ताई, घनींचा पैसा थांबला नव्हता हे खरं, पण भरवसा आधीच गेला होता. २९ फेब्रुवारी २०२० चा फौज माघारीचा दोहा करार अमेरिका आणि तालिबान यांच्यात झाला, काबूल सरकारला टेबलावर जागाच नव्हती. वर त्यांनाच ५ हजार तालिबानी कैदी सोडायला लावले. चौकीवरच्या शिपायाला एवढं कळतं. गावातले वडीलधारे मध्ये पडून सांगतात, बंदूक ठेव, जिवंत घरी जा. अशा सौद्यांनी एकेक जिल्हा गेला, लढाई बऱ्याच ठिकाणी झालीच नाही.

जलालाबादला नेमकं उलट घडलं. मुजाहिदीनांनी शरण आलेल्या सैनिकांना मारून टाकलं. ती बातमी पसरल्यावर आतल्यांना लढण्यावाचून गत्यंतर उरलं नाही. शरण जाणं स्वस्त की महाग, हाही खर्चच आहे, तो पगारपत्रकात दिसत नाही.

आणखी एक. ३ लाखांतले कित्येक फक्त हजेरीपटावर होते, पगार उचलायला. विमानांची देखभाल परदेशी कंत्राटदारांकडे होती, ते फौजेबरोबर गेले आणि विमानं जमिनीवर बसली. अमेरिकेचा मोठा बग्राम तळ तर जुलैच्या सुरुवातीला रातोरात सोडला, अफगाण सेनाधिकाऱ्याला सकाळी कळलं.

मेवेवाला_वाशी:

मी अभ्यासक नाही, तीन पिढ्यांचा सुक्या मेव्याचा धंदा आहे. अंजिराच्या माळा, जर्दाळू, काळी मनुका, हिंग, बराचसा माल तिकडचाच. आम्हाला पूर्वी तिकडचे व्यापारी सांगायचे, कंदहारहून सीमेपर्यंत ट्रक आणायचा तर दर नाक्यावर हात ओले करा. एक नाका सरकारचा, पुढचा कुणा सरदाराचा, त्यापुढे तालिबानचा. आता नाके गेले, एकदाच कर भरायचा आणि पावती मिळते. तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथे आहे. जकात पूर्वी मधल्यामध्ये मुरायची, ती आता खजिन्यात जाते.

कौतुक म्हणून सांगत नाहीये हं. ज्यांच्या भीतीनं रस्ता बंद असायचा तेच आता रस्त्याचे मालक झाले, म्हणून रस्ता शांत आहे. एप्रिल २०२५ मध्ये भारत-पाक सीमेवरचं अटारी नाकं बंद झालं तेव्हा आमचा माल पलीकडेच अडकला होता, मग मे महिन्यात १६० ट्रक सोडले. हिंगाच्या भावाचं काय झालं ते विचारू नका.

जमाखर्च:

दोघांचे मनापासून आभार. मेवेवाला, तुम्ही माझी चूकच दाखवलीत. ३१ वर्षं बँकेत काढून मी जमेचीच बाजू बघत बसले! नजीबुल्ला आणि घनी दोघांनाही चालू युद्धाचा खर्च होता, समोरच्याला बाहेरून शस्त्रं आणि आसरा मिळत होता. तालिबानसमोर विरोधकांचं शेवटचं पंजशीर खोरं पडल्यावर तसा कुणी उरला नाही. युद्ध तेच करत होते, ते थांबलं, खर्च आटला. जमा कमी होऊनही वही जुळली.

अफगाणीचंही थोडं उलगडलं. संयुक्त राष्ट्रसंघ मदतकार्यासाठी रोख डॉलर विमानानं काबूलला आणत होता, एके काळी आठवड्याला ४ कोटींच्या घरात. वर देशात परकी चलनानं व्यवहार करायला बंदी, आणि मध्यवर्ती बँक डॉलर लिलावात विकत असते. म्हणजे भाव धरून ठेवलाय. माझा समज असा होता की चलन तगडं म्हणजे घर तगडं. पण २०२३ मध्ये तिथे किमती चक्क उतरत होत्या, कारण घ्यायला लोकांकडे पैसेच नव्हते. रुग्णाचा ताप उतरला, पण अंगात रक्त नाही, अशातली गत.

रानजाई:

ताई, पुण्यात माझ्या वर्गात अफगाण मुली होत्या, म्हणून राहवत नाही. वही जुळली म्हणालात, पण खर्च कुणाच्या नावावर टाकून? मुलींच्या शाळा सहावीनंतर बंद, डिसेंबर २०२२ मध्ये विद्यापीठं बंद, त्याच महिन्यात मदतसंस्थांमधल्या बायकांच्या नोकऱ्याही. घरातली एक कमाई गेली, ती कुठल्याच ताळेबंदात दिसत नाही. अफूबंदीचंही तसंच. एप्रिल २०२२ ला बंदी आली, २०२३ मध्ये लागवड ९५ टक्क्यांनी घटली. जगानं मान डोलावली, अफू पिकवणाऱ्या हेलमंद प्रांतातल्या शेतकऱ्याला मात्र गव्हावर घर चालवता येत नाही.

जमाखर्च:

बरोबर आहे तुमचं. शेवटची दहा मिनिटं यालाच देते, पंजशीरवरचा भाग कापते.

आता एकच अडचण. आमच्याकडे प्रोजेक्टर नाही, खडू-फळा आहे. अमू दर्या, काबूल, जलालाबाद आणि कंदहार एवढंच असलेला, हातानं काढता येईल असा नकाशा कुणी टाकेल का? मी काढला तो पपईसारखा दिसतोय.