सत्तेचाळीस रोनिनांचा सूड: मूकपटातच तो खरा वाटतो

रीळवेडा:
चुशिंगुराची, म्हणजे सत्तेचाळीस रोनिनांच्या सुडाची जपानी गोष्ट मूकपटात जशी अंगावर येते, तशी पुढे बोलपटात आली नाही, असं माझं ठाम मत आहे. १७०१ साली एदोच्या (आजच्या टोकियोच्या) किल्ल्यात असानो या सरदाराने किरा या दरबारी अधिकाऱ्यावर तलवार उपसली. त्याच दिवशी असानोला सेप्पुकू (पोट चिरून आत्महत्या) करावं लागलं, किराला मात्र कसलीच सजा नाही. असानोचे सामुराई रोनिन, म्हणजे धन्याविना सामुराई, झाले. ओइशी या म्होरक्याच्या मागे पावणेदोन वर्षं गप्प राहिले आणि १७०३च्या जानेवारीत त्यांनी किराचं शिर कापलं.

दिग्दर्शक माकिनो शोझोने नट ओनोए मात्सुनोसुकेला घेऊन याच गोष्टीवर केलेला जुना पट बघा. कॅमेरा जागचा हलत नाही, नाटक समोर बसून बघावं तसं. बायकांची कामंही पुरुषच करतात, फाळक्यांकडे साळुंक्यांनी तारामती केली तशीच. किल्ल्यातल्या प्रसंगात दरबारी लांब हाकामा (पायघोळ विजार) पायांत लोळतोय, धड पळता येत नाही की धड वार करता येत नाही. ती अडचण म्हणजेच असानोचं दुर्दैव! त्याला संवाद कशाला हवेत?

मृण्मयी:
अजिबात पटलं नाही. किरा साठीचा म्हातारा. रात्री हत्यारबंद माणसं घरात शिरतात आणि त्याला कोळशाच्या कोठारातून ओढून काढतात. यात निष्ठा मला दिसत नाही. मूकपटात तर थिएटरात बसलेला बेन्शी कथा सांगायचा, म्हणजे कोणासाठी रडायचं हेही तोच ठरवायचा. शिवाय सामुराईंनाही हे सगळं मान्य नव्हतं. ‘हागाकुरे’ या सामुराईंच्या आचारावरच्या पुस्तकात यामामोतो त्सुनेतोमो विचारतोच: इतकं थांबलात, तेवढ्यात किरा आजाराने मेला असता तर?

रीळवेडा:
पण ताई, त्सुनेतोमोचं म्हणणं तुमच्या उलट आहे! सूड घेतला म्हणून तो चिडलेला नाही, उशीर केला म्हणून चिडलाय. आणि भांडणात दोघांनाही सजा, हा त्या काळचा रिवाज. तो किरासाठी मोडला, हे विसरून कसं चालेल?

मृण्मयी:
रिवाज मोडला शोगुनने, म्हणजे राज्यकर्त्याने. जीव गेला किराचा.

पडद्यामागून:
तुम्ही दोघंही धन्यातच अडकलात. १९२५चा ‘ओरोची’ हा मूकपट बघा. नट बांदो त्सुमासाबुरोने केलेल्या सामुराईला गुरूच हाकलून देतो. चांगलं करायला जातो आणि दरवेळी बदमाश ठरतो. शेवटी गर्दीशी एकटा झुंजतो आणि दोरखंडांनी बांधला जातो. ना धनी, ना सूड. मला रोनिन म्हटलं की तोच आठवतो.

रीळवेडा:
‘ओरोची’ मलाही फार आवडतो. पण त्याच्यामागे उभं राहायला कोणीच नाही. ओइशीमागे माणसं होती, आणि कोणी एक फुटला तर सगळेच मरणार, हे प्रत्येकाला माहीत होतं. मी त्यासाठी माकिनोचा पट पुन्हा बघतो.